घरी प्रथमच महालक्ष्म्या उभ्या करताना

भाद्रपदात गणपतीपाठोपाठ येणाऱ्या गौरींना मराठवाड्यात आणि विदर्भात महालक्ष्म्या म्हणतात. ज्येष्ठा आणि कनिष्ठा अशा या दोघी बहिणी पहिल्या दिवशी येतात, दुसऱ्या दिवशी पुरणावरणाचे जेवतात आणि तिसऱ्या दिवशी निरोप घेतात. ज्यांनी हा सण आजवर सासूबाईंच्या किंवा थोरल्या जाऊबाईंच्या हाताखाली वावरताना पाहिला आहे, पण यंदा ज्यांच्यावर तो संपूर्णपणे आला आहे, त्यांच्यासाठी हे लेखन आहे. भाऊ वेगळे झाले, गावाकडचे घर बंद करून आईवडील शहरात मुलाकडे राहायला आले, किंवा सासूबाईंनी वयोमानाने मुखवट्यांची पेटी सुनेच्या हाती दिली, की असा प्रसंग येतो. पूजा तीन दिवसांची असली तरी तयारी निदान तीन आठवड्यांची असते, आणि ती नीट झाली तर ते तीन दिवस घरातल्या बाईलाही सणासारखे वाटतात.

आधी घरची रीत विचारून घ्यावी

या सणात पोथीपेक्षा कुळाचाराला अधिक मान आहे. त्यामुळे बाजारात जाण्यापूर्वी, आणि मोबाईलवरचे व्हिडिओ पाहण्याच्याही आधी, घरातल्या जाणत्या बाईला गाठावे. सासूबाई, आत्येसासूबाई, चुलतसासूबाई यांपैकी ज्यांनी प्रत्यक्ष स्वयंपाक आणि मांडणी केली असेल त्यांच्याजवळ वही घेऊन बसावे आणि त्या सांगतील तसे लिहून घ्यावे. ‘तुम्ही कसे करता’ असे मोघम विचारले तर ‘सगळे करतात तसेच’ असे उत्तर मिळते. म्हणून प्रश्न नेमके असावेत. मुखवटे पितळी आहेत, शाडूचे आहेत की कापडाचे? दोन्ही महालक्ष्म्यांबरोबर बाळे असतात का, आणि असल्यास एक की दोन? पहिल्या दिवशी नैवेद्य कशाचा? सोळा भाज्या वेगवेगळ्या करायच्या की एकत्र? आंबील लागते का? सवाष्णी किती सांगायच्या आणि जेवण दुपारी की दिवेलागणीनंतर? पूजेत सुताचे दोरे घेतात का? तळलेल्या पदार्थांचा फुलोरा बांधतात का? कांदा-लसूण आणि वांगे चालते का? चातुर्मासात वांगे वर्ज्य मानणारी घरे पुष्कळ आहेत आणि ही बाब ऐन वेळी कळली की केलेली भाजी बाजूला ठेवावी लागते.

उत्तरे घरोघरी वेगळी येतील. कोकणात अनेक ठिकाणी तेरड्याच्या रोपांची गौर असते, कोकणस्थ ब्राह्मणांच्या घरी पाणवठ्यावरून आणलेल्या खड्यांच्या गौरी पूजतात, आणि कोकणातल्याच काही समाजांत गौरीला तिखटाचा, म्हणजे सामिष नैवेद्यही असतो. मुखवट्यांच्या उभ्या गौरी देशावर, मराठवाड्यात आणि विदर्भात अधिक दिसतात. यांतली कोणतीही रीत दुसरीपेक्षा अधिक खरी नाही. शेजारणीकडे सोळा भाज्या आहेत म्हणून आपल्या खड्याच्या गौरींपुढे सोळा भाज्या मांडण्याचे कारण नाही, आणि आपल्याकडची रीत साधी आहे याचा संकोचही नको.

ज्यांच्या घरी मुळातच गौरी नाहीत आणि ज्यांना हौसेने त्या नव्याने सुरू करायच्या आहेत, त्यांनी घाई करू नये. गौरी सासरच्या असतात, त्या सासूकडून सुनेकडे येतात, असे बहुतेक घरांत मानले जाते, आणि एकदा उभ्या केल्या की दर वर्षी कराव्या लागतात. त्यामुळे घरातल्या सर्वांचा विचार घेऊन आणि कुळातल्या वडीलधाऱ्यांना किंवा घरच्या गुरुजींना विचारूनच हे ठरवावे.

आणखी दोन गोष्टी आधीच बोलून ठेवलेल्या बऱ्या. त्या दिवसांत घरातल्या बाईची पाळी आली तर काय करायचे, आणि सोयर-सुतक आले तर काय करायचे. पहिल्या बाबतीत काही घरांत जाऊ, नणंद किंवा घरातला पुरुष पूजा करतो, तर काही घरांनी हा नियम आता सोडून दिला आहे. निर्णय काहीही असो, तो आधी शांतपणे व्हावा. ऐन आवाहनाच्या संध्याकाळी त्यावरून घरात रुसवेफुगवे होणे हे त्या पाहुण्यांच्या स्वागताला शोभत नाही.

दिवस कसा ठरतो

गणेश चतुर्थी तिथीवर ठरते, गौरी मात्र नक्षत्रावर येतात. भाद्रपद शुद्ध पक्षात अनुराधा नक्षत्रावर आवाहन, ज्येष्ठा नक्षत्रावर पूजन आणि मूळ नक्षत्रावर विसर्जन होते. ज्येष्ठेवर पूजन म्हणूनच त्या ज्येष्ठा गौरी. चंद्र सुमारे 27.3 दिवसांत 27 नक्षत्रांतून फिरतो, म्हणजे एका नक्षत्रात तो साधारण एक दिवस असतो, आणि त्यामुळे हे तीन विधी ओळीने तीन दिवशी येतात. तिथी आणि नक्षत्र यांची सांगड दर वर्षी सारखी नसल्याने गणपतीनंतर कितव्या दिवशी गौरी येणार हे मात्र बदलते. 2024 मध्ये चतुर्थी 7 सप्टेंबरला होती आणि आवाहन 10 सप्टेंबरला झाले. 2025 मध्ये चतुर्थी 27 ऑगस्टला आणि आवाहन 31 ऑगस्टला होते. ‘गौरीबरोबर जाणारा’ गणपती म्हणूनच कधी पाच दिवसांचा तर कधी सहा-सात दिवसांचा होतो.

दाते पंचांगात किंवा भिंतीवरच्या कालनिर्णयात आवाहन, पूजन आणि विसर्जनाचे दिवस दिलेले असतात, आणि कोणत्या वेळेपर्यंत नक्षत्र आहे हेही त्यात पाहून ठेवावे. नोकरी करणाऱ्यांनी नवे पंचांग हाती येताच पूजनाच्या दिवसाची रजा मांडावी. एकच दिवस मिळणार असेल तर तो पूजनाचा घ्यावा, कारण आवाहन बहुधा संध्याकाळी करता येते. परदेशात राहणाऱ्यांनी भारतातली वेळ जशीच्या तशी उचलू नये. नक्षत्र बदलण्याचा क्षण सगळ्या पृथ्वीवर एकच असला तरी घड्याळे निराळी असतात, त्यामुळे अमेरिकेत दिवसच बदलू शकतो. आपल्या शहरासाठी काढलेले पंचांग पाहावे.

जागा आणि सामान

दोन महालक्ष्म्या आणि बाळे यांना मिळून चार ते पाच फूट रुंदीची भिंत लागते, पुढे पूजेचे साहित्य, नैवेद्याची ताटे आणि बसणारे यांसाठी तेवढीच मोकळी जागा लागते. शहरी घरात ही जागा बैठकीच्या खोलीतच निघते, तेव्हा सोफा तीन दिवस दुसऱ्या खोलीत हलवावा लागेल हे गृहीत धरावे. वर पंखा असेल तर तो बंद ठेवावा लागणार, कारण त्याने समया विझतात आणि पदर उडतात. समई मूर्तीपासून हातभर तरी लांब असावी. रेशमी पदर, कागदी सजावट, विजेच्या माळा आणि तेवत्या वाती एकत्र येतात तिथे ही काळजी इतर कोणत्याही नियमापेक्षा महत्त्वाची आहे. रात्री झोपताना विजेच्या माळा बंद कराव्यात. अखंड दिवा ठेवण्याची रीत असेल तर तो खोल पणतीत, पितळी ताटात आणि कापडापासून दूर ठेवावा.

पूर्वी धान्याने भरलेल्या मडक्यांची उतरंड रचून किंवा पत्र्याच्या कोठ्या ठेवून त्यांवर मुखवटे बसवत. आजही अनेक घरांत कोठ्याच असतात आणि त्यांत गहू-तांदूळ भरतात. नव्याने घेणाऱ्यांना लोखंडी स्टँड सोयीचे पडतात, कारण ते उघडून पेटीत मावतात. स्टँड घेताना आपला मुखवटा बरोबर न्यावा. वरच्या कडीत मुखवट्याचा गळा घट्ट बसतो की डुगडुगतो हे दुकानातच पाहावे लागते. पावसाळ्यात लोखंड गंजते आणि गंजाचा डाग साडीवरून निघत नाही, म्हणून स्टँडला तैलरंगाचा हात द्यावा आणि वर जुन्या सुती धोतराची पट्टी गुंडाळावी.

दागिने खोटेच असावेत, त्यात देवाचा काही अपमान नाही. पुण्यात तुळशीबागेत आणि बऱ्याच गावांच्या मुख्य बाजारपेठेत गौरींच्या मापाची नथ, ठुशी, बोरमाळ, कंबरपट्टा, बांगड्या असे सगळे मिळते. पहिल्या वर्षी मंगळसूत्र, नथ, एक गळ्यालगतचा दागिना, एक लांब हार आणि बांगड्या एवढे पुरते. दर वर्षी एक वस्तू वाढवत गेले की पेटी आपोआप भरते. सजावटीच्या बाबतीत अलीकडे जी चढाओढ लागली आहे, देखावे, कारंजी, थर्मोकोलची मंदिरे, तिच्यात नवख्यांनी उतरू नये. मागे एक स्वच्छ भरजरी साडी पडद्यासारखी लावली, दोन बाजूंना केळीचे खुंट किंवा कर्दळीची पाने बांधली आणि वर आंब्याचे तोरण असले की महालक्ष्म्या उठून दिसतात.

साडी नेसवण्याची तालीम

पहिल्यांदा करणाऱ्यांची सर्वांत जास्त दमछाक इथे होते, म्हणून हे काम आठवडाभर आधी एकदा करून पाहावे. साडी काठापदराची असावी, पण नवी कोरी, सुळसुळीत रेशमी नसावी. खळ असलेली सुती-रेशमी साडी निऱ्या धरून ठेवते. वडीलधाऱ्यांचा नऊवारीचा आग्रह असतो, आणि ती शोभतेही, परंतु स्टँडला पाय नसल्याने कासोटा घालायचा प्रश्नच येत नाही आणि आठ मीटर कापड कमरेभोवती कोंबावे लागते. सहावारी सोपी जाते.

आधी स्टँडच्या कमरेला घट्ट सुतळी बांधावी आणि तिच्यावर जुना परकर किंवा घडी घातलेली चादर गुंडाळून थोडा घेर आणावा, नाहीतर साडी काठीवर टांगल्यासारखी दिसते. साडीच्या निऱ्या अंगावर घालत बसू नये. त्या पलंगावर साडी पसरून, पाच-सहा बोटे रुंदीच्या, एकावर एक नेमक्या घालाव्यात, खालचा काठ सरळ जुळवावा, इस्त्री फिरवावी आणि वर-खाली कपड्यांचे चिमटे लावून ठेवावेत. मग हा निऱ्यांचा गठ्ठा समोर धरून कमरेच्या सुतळीत खोवावा आणि वरून नाडीने बांधावा. उंची जास्त झाली तर जादा कापड वरच्या बाजूला आत दुमडावे, खाली ओघळू देऊ नये, कारण खालचा काठ जमिनीला टेकून स्टँडचे पाय झाकले गेले पाहिजेत. पदर मागून काढून डाव्या खांद्यावरून पुढे घ्यावा आणि त्याच्या पिना मागच्या बाजूला, दागिन्यांखाली लपतील अशा लावाव्यात. हात कापडी असतील तर ते चोळीच्या बाह्यांत आधीच शिवून घ्यावेत. सगळे झाल्यावर चार पावले मागे जाऊन दोघींची उंची आणि खांदे सारखे आहेत का ते पाहावे. जवळून हा फरक कळत नाही. तालमीनंतर साडी सोडताना निऱ्यांचे चिमटे तसेच ठेवावेत, प्रत्यक्ष दिवशी निम्मे काम वाचते.

आवाहन

अनुराधा नक्षत्रावर, बहुतेक घरांत दिवेलागणीच्या सुमारास, महालक्ष्म्या घरात येतात. दारापासून त्यांच्या जागेपर्यंत आणि तिथून स्वयंपाकघर, देवघर, धान्याची जागा, कपाट अशा सगळ्या ठिकाणी रांगोळीची किंवा कुंकवाची पावले काढावीत. एका सवाष्णीने सुपात किंवा ताम्हनात मुखवटे घेऊन तुळशीपाशी किंवा उंबऱ्याबाहेर उभे राहावे. दुसरीने त्यांच्यावरून भाकरतुकडा ओवाळून टाकावा, दूधपाणी घालून, हळदकुंकू वाहून त्यांना आत घ्यावे. घरातल्या मुलांनी ताट-चमचा, घंटा, झांजा वाजवाव्यात. आत येताना एकीने ‘महालक्ष्म्या कशाच्या पावलांनी आल्या?’ असे विचारायचे आणि दुसरीने ‘सोन्याच्या पावलांनी’, ‘धनधान्याच्या पावलांनी’, ‘लेकराबाळांच्या पावलांनी’ असे सांगत प्रत्येक खोलीत थांबायचे. ही उत्तरे घरोघरी निराळी असतात, तेव्हा आपल्या वहीत ती लिहिलेली असावीत.

सदनिकेत अंगण नसते. लिफ्टच्या दारापासून किंवा जिन्याच्या शेवटच्या पायरीपासून सुरुवात केली तरी चालते. शेजाऱ्यांना आधी सांगून ठेवले तर ताटाच्या आवाजाने कोणी दचकत नाही, उलट त्यांची मुले चमचे घेऊन सामील होतात.

मुखवटे आधीच तयार केलेल्या स्टँडवर बसवून, गजरे आणि दागिने घालून, गंध, फूल, धूप, दीप आणि नैवेद्य अशी साधी पंचोपचार पूजा आणि आरती करावी. त्या रात्रीचा नैवेद्य पुष्कळ घरांत भाजी-भाकरीचा असतो. प्रवास करून आलेल्या माहेरवाशिणीला पहिल्या रात्री हलके जेवण द्यावे, अशी त्यामागची समजूत आहे. नवख्या गृहिणीला तर ही रीत देणगीच वाटावी, कारण दुसऱ्या दिवसाची सगळी तयारी याच रात्री उरकायची असते.

पूजनाचा दिवस

स्वयंपाकाचा आवाका आधी ठरवावा. ताटात साधारणपणे वरणभात, पुरणपोळी, कटाची आमटी, सोळा भाज्या, कोशिंबीर, पंचामृत, चटणी, भजी किंवा वडे, खीर, आणि विदर्भ-मराठवाड्यातल्या अनेक घरांत ज्वारीची आंबील हे पदार्थ असतात. ही यादी वाचून घाबरण्याचे कारण नाही. सोळा भाज्या वेगवेगळ्या करण्याची घरची सक्ती नसेल तर एकाच पातेल्यात सोळा प्रकारच्या भाज्या घातल्या तरी चालतात. भेंडी, गवार, पडवळ, दोडका, दुधी, लाल भोपळा, कारले, तोंडली, घेवडा, फ्लॉवर, कोबी, मटार, बटाटा, काकडी, कच्चे केळे आणि मक्याचे कणीस एवढ्यांची प्रत्येकी मूठभर जुळवाजुळव केली की आकडा पुरा होतो. मंडईत या दिवसांत सोळा भाज्यांचे तयार वाटेही मिळतात. निवडणे-चिरणे आदल्या रात्री व्हावे, आणि ते घरातल्या पुरुषांनी व मुलांनी करावे. नारळ खवणे, भाज्या चिरणे, पंगत वाढणे आणि भांडी आवरणे यांना कोणत्याही कुळाचारात आडकाठी नाही. सगळा भार एकटीने उचलण्याची रीत कोणत्याही पोथीत लिहिलेली नाही, ती आपणच पाडली आहे.

आंबीलीसाठी ज्वारीचे पीठ आदल्या रात्री ताकात भिजवून आंबवावे लागते, ही एक गोष्ट विसरली की सकाळी काही उपाय उरत नाही. हरभऱ्याची डाळही रात्रीच निवडून, मोजून ठेवावी. पंधरा माणसांच्या पंगतीला एक किलो डाळ आणि एक किलो गूळ पुरेसा होतो, त्यात मध्यम आकाराच्या पस्तीस-चाळीस पोळ्या निघतात.

पुरणाची गोष्ट थोडी सविस्तर सांगायला हवी, कारण या दिवशी घरात अडते ते इथेच. डाळ तिप्पट पाण्यात, चिमूटभर हळद आणि थोडे तेल घालून, बोटाने चिरडेल इतकी मऊ शिजवावी. चाळणीत घालून पाणी पूर्ण निथळू द्यावे. हे पाणी म्हणजेच कट, तो आमटीसाठी राखावा. निथळण्यात घाई केली तर पुरण सैल होते आणि पोळी लाटताना फुटते. डाळीत चिरलेला गूळ घालून जाड बुडाच्या पातेल्यात आटवावे. गूळ विरघळला की मिश्रण पातळ होईल, त्याने गोंधळू नये. सतत हलवत राहिले की ते पुन्हा घट्ट होऊन बाजूने सुटू लागते, आणि मध्यभागी रोवलेले उलथणे न पडता उभे राहिले की पुरण झाले असे समजावे. ते गरम असतानाच पुरणयंत्रातून काढावे, गार झालेले पुरण वाटताना हात दुखून येतात. वेलदोडा आणि जायफळ शेवटी घालावे. कणीक चांगली सैल भिजवून, तेल लावून मळून, दोन तास तरी झाकून ठेवावी. कणीक आणि पुरण दोन्ही हाताला सारखीच मऊ लागली पाहिजेत, एक घट्ट आणि दुसरे सैल असले की पुरण एका कडेला जाते. सोवळ्याची सक्ती नसलेल्या घरात पुरण आदल्या रात्री करून फ्रीजमध्ये ठेवायला हरकत नाही.

पूजेला सोळा या आकड्याचे महत्त्व आहे. सोळा पत्री, सोळा फुले, सोळा दिवे. दिवे पुरणाचे किंवा कणकेचे करून, त्यांत तुपाच्या वाती लावून त्यांनी आरती करतात. आघाडा, दुर्वा, शमी, बेल, तुळस, केवडा, कण्हेर असे जे मिळेल ते वाहावे. शहरात सोळा पत्री मिळाल्या नाहीत तर आहे त्यावर भागवून अक्षता वाहाव्यात. ज्या घरांत दोरे घेतात तिथे सुताचे सोळा पदरी दोरे हळदीत भिजवून महालक्ष्म्यांपुढे ठेवतात. फुलोरा असेल तर करंज्या, पापड्या, साटोऱ्या, वेणी-फणी असे तळलेले पदार्थ दोऱ्यात ओवून मुखवट्यांच्या वर टांगायचे असतात. ते चार दिवस आधी करून डब्यात ठेवता येतात, आणि टांगण्यासाठी पडद्याची आडवी नळी दोन भिंतींमध्ये अडकवली की खिळे ठोकावे लागत नाहीत.

नैवेद्याच्या वेळी ज्येष्ठागौरीची कहाणी वाचतात, आणि ती नीट ऐकली तर या सणातल्या बऱ्याच गोष्टी उलगडतात. घरात काही नाही म्हणून जीव द्यायला निघालेल्या गरीब ब्राह्मणाला तळ्याकाठी एक म्हातारी भेटते आणि तो तिला घरी घेऊन येतो. एक दिवस ती घावन-घाटले मागते, दुसऱ्या दिवशी खीर मागते. दूध कुठून आणू म्हणताच ती त्याला दावी बांधून गाईंना हाक मारायला सांगते, आणि गाई येतात. निघताना ती वाळू देते आणि घरभर, कोठीत, मडक्यांत टाकायला सांगते. घावन-घाटल्याचा नैवेद्य आणि विसर्जनाच्या दिवशी पाण्याकाठची वाळू घरी आणण्याची रीत यांचा धागा या कहाणीत आहे.

ताट वाढताना मीठ वर मध्यभागी, त्याच्या डावीकडे लिंबू, चटणी, कोशिंबीर आणि पंचामृत, उजवीकडे भाज्या आणि आमटी, आणि खाली मध्ये वरणभाताची मूद व तिच्यावर तूप असा क्रम ठेवावा. केळीचे पान असल्यास त्याचा शेंडा जेवणाऱ्याच्या डाव्या हाताला यावा. दोन्ही महालक्ष्म्यांना आणि बाळांना स्वतंत्र पाने वाढतात. नैवेद्य दाखवल्यावर काही घरांत थोडा वेळ पडदा धरतात किंवा खोलीचे दार ओढून घेतात.

सवाष्णी आणि पाहुणे

जेवायला सांगितलेल्या सवाष्णींना आठ दिवस आधी कळवावे आणि त्यांनी दुसऱ्या कोणाला शब्द दिलेला नाही ना हे विचारून घ्यावे, कारण त्या एका दिवशी गावातल्या प्रत्येक घराला सवाष्ण हवी असते. संध्याकाळच्या हळदीकुंकवाला मात्र मोकळे आमंत्रण असते. हळद, कुंकू, अत्तर, फूल आणि प्रसाद एवढे पुरे. वस्तू वाटण्याची रीत संक्रांतीची आहे, ती इथे ओढून आणण्याचे कारण नाही. येणारीने देवीची ओटी भरली तर तिच्या ओटीतले थोडे तांदूळ परत तिला द्यावेत.

विधवा बायकांना या हळदीकुंकवातून वगळण्याची जुनी पद्धत अनेक घरांनी आता मोडली आहे आणि ते योग्यच झाले आहे. घरातल्या आजींनी वर्षानुवर्षे ज्या महालक्ष्म्यांचे केले, त्यांच्यापुढे त्याच आजींनी कोपऱ्यात बसावे, असे आपल्या पिढीकडून होऊ नये. कोणाला पटणार नाही असे वाटले तर यजमानीणबाईंनी स्वतः पुढे होऊन आजींना पहिले कुंकू लावावे, मग कोणी काही बोलत नाही.

निरोप आणि आवराआवर

मूळ नक्षत्रावर निरोप. या दिवशी कानवले, दहीभात आणि शेवयांची खीर असा हलका नैवेद्य असतो. आदल्या दिवशी ठेवलेल्या दोऱ्यांना सोळा गाठी देऊन ते घरातले सगळे गळ्यात किंवा मनगटात बांधतात आणि किती दिवस बाळगायचे हे घरच्या रीतीप्रमाणे ठरते. आरती झाल्यावर पुन्हा येण्याची विनंती करून अक्षता वाहायच्या आणि मुखवटे किंचित हलवायचे, एवढेच त्यांचे विसर्जन. मुखवटे पाण्यात सोडायचे नसतात. खड्यांच्या आणि तेरड्याच्या गौरींचे मात्र पाण्यात विसर्जन करतात आणि येताना वाळू किंवा खडे आणून घरात, धान्याच्या डब्यांत टाकतात. नदीवर जाणे शक्य नसेल तर बादलीत विसर्जन करून ते पाणी झाडांना घालावे. निर्माल्य नदीत टाकू नये, नगरपालिकेच्या निर्माल्य कलशात किंवा कुंडीतल्या खतात जिरवावे.

मुखवटे त्याच रात्री घाईने पेटीत टाकू नयेत. दुसऱ्या दिवशी उजेडात, मऊ कोरड्या कापडाने त्यांच्यावरचे हळदकुंकू टिपून घ्यावे. रंगवलेल्या मुखवट्यांना पाण्याचा हात लावू नये, पितळी मुखवटे चिंचेने घासून पूर्ण वाळवावेत. प्रत्येक मुखवटा सुती कापडात गुंडाळून, नाकावर आणि नथीच्या जागी भार येणार नाही असा, तोंड वर करून ठेवावा. प्लास्टिकच्या पिशवीत ठेवल्यास पावसाळी दमटपणाने रंगाचे पापुद्रे निघतात. साड्या सावलीत वारा देऊन, पिना काढून घडी कराव्यात. कोठीत भरलेले गहू-तांदूळ ऊन देऊन रोजच्या वापरात आणावेत.

पेटी बंद करण्यापूर्वी वहीत डाळ किती लागली, पोळ्या किती उरल्या, फुले कोणाकडून आणि काय भावाने घेतली, कोणत्या सवाष्णी जेवायला होत्या, स्टँडचा कुठला खिळा सैल आहे, हे सगळे लिहावे आणि ती वही मुखवट्यांबरोबर पेटीतच ठेवावी.